सर्पदंशावर मुलांसाठी ॲनिमेशनपट करतोय: पटकथा, चित्रं, आवाज याबद्दल चर्चा हवी आहे

सोनकी

नमस्कार मंडळी.

रत्नागिरी जिल्ह्यातल्या काही जिल्हा परिषद शिक्षकांबरोबर मी एक छोटा ॲनिमेशनपट करते आहे. विषय सर्पदंश आणि त्यानंतरचा पहिला तास. प्रेक्षक पाचवी ते आठवीची मुलं, लांबी चार मिनिटांच्या आत. पटकथा आणि स्टोरीबोर्ड झालाय, रंगकाम सुरू व्हायचंय. बदल करायचे तर आत्ताच, म्हणून धागा काढला.

हाच विषय का, तर २०२० साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासानुसार २००० ते २०१९ या काळात भारतात दरवर्षी सरासरी ५८,००० माणसं सर्पदंशाने दगावली. त्यात चौथ्या हिश्शाहून जास्त मुलं पंधरा वर्षांच्या आतली होती. निम्मे मृत्यू जून ते सप्टेंबरमधले, म्हणजे शाळा उघडते, पेरण्या-लावण्या सुरू होतात तेव्हाचे. केंद्र सरकारने २०२४ मध्ये कृती आराखडा आणला, २०३० पर्यंत मृत्यू निम्म्यावर आणायचं त्यात ठरलंय. पण चावल्यानंतरची पहिली पंधरा मिनिटं घरातल्या आणि वाडीतल्या माणसांच्या हातात असतात, आणि तिथे पुष्कळदा मुलंच हजर असतात.

ॲनिमेशन का? कॅमेरा दवाखान्याच्या दारापर्यंत पोचतो, कातडीच्या आत नाही पोचत. विष रक्तात गेल्यावर काय होतं हे फक्त चित्रच दाखवू शकतं. शिवाय खऱ्या जखमेचे फोटो दाखवले की मुलं मान फिरवतात.

गोष्ट साधी आहे. आठवीतली बहीण, पाचवीतला भाऊ. पावसाने पडलेला गडगा (रचलेल्या दगडांचं कुंपण) पुन्हा रचताना भाऊ दगड उचलतो आणि त्याच्या बोटाला फुरसं चावतं. आजूबाजूची माणसं जमतात. एक म्हणतो करकचून बांधा, दुसरा ब्लेड आणायला धावतो, तिसऱ्याला देवळाकडे न्यायचंय. बहीण सगळ्यांना थांबवते.

मला अडलंय ते असं: ही चुकीची कामं चित्रात कितपत दाखवावीत? आणि पडद्यावर बोललेलं सगळं लिहूनही दाखवावं का?

बारा_फ्रेम

सोनकीताई, विषय उत्तम. आधी हिशोब सांगतो, कारण पटकथेतले निम्मे निर्णय हिशोबच घेतो.

सेकंदाला २४ चौकटी. एक ड्रॉइंग दोन चौकटी धरलं तर सेकंदाला १२ ड्रॉइंग. चार मिनिटं म्हणजे २४० सेकंद, म्हणजे २,८८० ड्रॉइंग, आणि तीही एकच पात्र हलतंय असं धरून. दोन-तीन माणसांच्या हातून शाळेची सुट्टी संपायच्या आत हे होत नाही. तेव्हा फिल्म दोन भागांत बघा. माणसं, गडगा, अंगण हे सगळं कटआउटने करा, म्हणजे हात, कोपर, मान वेगवेगळे कापून सांध्यावर फिरवायचे. आणि पूर्ण हाताने काढलेलं ॲनिमेशन फक्त शरीराच्या आतल्या दृश्याला राखून ठेवा. त्याच ठिकाणी ते लागतं.

सॉफ्टवेअरला पैसे घालू नका. ओपनटून्झ २०१६ पासून मुक्त आणि फुकट आहे, क्रिटात चित्रं सुंदर होतात, कटआउटसाठी सिनफिग चालेल. जुन्या लॅपटॉपवर पेन्सिल टूडी हलकं पडतं.

दुसरी गोष्ट, ॲनिमॅटिक केल्याशिवाय रंगाला हात लावू नका. स्टोरीबोर्डाची चित्रं फोनवर रेकॉर्ड केलेल्या आवाजाला लावून खऱ्या वेळेत पळवून बघा. मुलांना दाखवायची फिल्म तीच. तिथे दृश्य काढून टाकायला काही वाटत नाही. रंगवून झालेलं दृश्य कुणाच्याच जिवाला काढवत नाही.

आपल्याकडे हे काम नवं नाही, म्हणून थोडं लांबण लावतो. दादासाहेब फाळक्यांनी १९१२ मध्ये भांडवल उभं करण्यासाठी जी छोटी फिल्म दाखवली ती कुंडीतल्या वाटाण्याच्या वाढीची होती. कॅमेरा एका जागी ठेवून थोड्या थोड्या वेळाने चौकट टिपायची. डोळ्याला न दिसणारी हालचाल दिसती करायची, हे शैक्षणिक ॲनिमेशनचं मूळ काम त्यांनी आपल्या पहिल्या कथापटाआधीच करून ठेवलं. पुढे १९१५ मध्ये आगकाड्या चौकटी-चौकटीने हलवून त्यांनी आणखी एक छोटी फिल्म केली. मुंबईत फिल्म्स डिव्हिजनमध्ये १९५६ ला कार्टून विभाग निघाला, तिथल्या मुलांना शिकवायला डिस्नेत काम केलेले क्लेअर वीक्स आले होते. ॲनिमेशनपट करणारे राम मोहन त्याच पिढीतले. आणि १९७४ ची विजया मुळ्यांची ‘एक अनेक और एकता’ तर आपल्यापैकी बहुतेकांनी दूरदर्शनवर पाहिलीय.

ती फिल्म पुन्हा पाहा, पण चित्रांसाठी नको, रचनेसाठी पाहा. सात मिनिटांच्या आसपासची फिल्म आणि सांगायची कल्पना एकच. चिमण्यांची गोष्ट, फुलं, गाणं, सगळं त्या एकाच कल्पनेच्या सेवेला. तुमच्या पटकथेत मला आत्ताच चार कल्पना दिसताहेत. एक ठेवा.

वारूळ

सर्पमित्र म्हणून काम करतो. विषयासाठी मनापासून आभार.

साप काढताना काही गोष्टी सांभाळाच. कार्टूनमधला साप पापण्या मिटतो. खऱ्या सापाला पापण्याच नसतात, डोळ्यावर पारदर्शक खवला असतो. जीभ बाहेर काढताना साप तोंड उघडत नाही, ओठाच्या फटीतून काढतो. चालताना शरीराची लाट डावी-उजवीकडे जाते, वर-खाली जात नाही. मुलांच्या डोक्यात चित्रातलाच साप बसतो, म्हणून हे महत्त्वाचं.

फुरसं लहान असतं, कोकणातलं तर हात-दीड हाताच्या आतच. मातकट रंग, दोन्ही बाजूंना नागमोडी फिकट रेघ, डोक्यावर बाणासारखी खूण. चिडलं की वेटोळ्यावर वेटोळं घासून करकर आवाज करतं. हा आवाज तुमच्या फिल्ममध्ये आलाच पाहिजे! बांधावर, गडग्यावर काम करणाऱ्या मुलाला दिसण्याआधी ऐकू येईल ते हेच.

पण एक विनंती. फिल्ममधून ‘विषारी साप ओळखा’ शिकवायला जाऊ नका. मण्यारीसारखा दिसणारा कवड्या साप असतो, घोणशीसारखा दिसणारा डुरक्या घोणस असतो. चाळीस सेकंदांच्या तक्त्यावरून मूल ओळखायला लागलं आणि ‘हा बिनविषारी’ म्हणून घरी बसलं तर? बाराफ्रेम म्हणतात तसं, एक कल्पना. ओळखण्याची फिल्म वेगळी करा, मी लागेल ती मदत करीन.

डॉक्टर_माणदेशी

ग्रामीण रुग्णालयात वैद्यकीय अधिकारी आहे. वारूळ यांना पूर्ण अनुमोदन. आपल्याकडे मिळणारं प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांवरही चालतं. त्यामुळे साप कुठला होता हे कळलंच पाहिजे असं नाही, आम्ही लक्षणं बघून ठरवतो. साप मारून पिशवीत घेऊन येण्यात लोक वेळ घालवतात आणि त्या नादात दुसऱ्याला चावा बसतो.

आता सोनकीताईंचा मुख्य प्रश्न. ब्लेड काढू नका. घट्ट बांधलेली दोरी काढू नका. तोंडाने विष ओढणारा माणूस तर मुळीच काढू नका. खाली निवेदक कितीही ओरडून ‘असं करू नका’ म्हणाला तरी घाबरलेल्या माणसाला त्या क्षणी वाक्य आठवत नाही, चित्र आठवतं. चित्रात तर हात दोरी बांधतोय!

दाखवायचं ते सांगतो. मुलाला खाली बसवा किंवा आडवं करा. हातात अंगठी, कडं, पायात पैंजण असेल तर लगेच काढा, कारण सूज चढली की ते रुततं. चावलेला हात लाकडी पट्टीला किंवा दुमडलेल्या वर्तमानपत्राला सैलसर बांधून हलणार नाही असा करा. धावू द्यायचं नाही, चालवायचं नाही. १०८ ला फोन. रुग्णवाहिकेला वेळ लागणार असेल तर मोटारसायकलवर दोघांच्या मधे बसवून आणा. किती वाजता चावलं ते लक्षात ठेवा. बस्स.

आतलं दृश्य हवंय ना? मग आमच्याकडची एक साधी तपासणी घ्या. कोरड्या, स्वच्छ काचेच्या नळीत दोन मिली रक्त घ्यायचं आणि वीस मिनिटं नळीला हात लावायचा नाही. नंतर तिरकी करून बघायची. रक्त गोठलेलं नसेल तर घोणस किंवा फुरशाच्या विषाने रक्त गोठण्याची व्यवस्था मोडली आहे असं समजायचं. नळीच्या आत काय चाललंय ते तुम्ही चित्रात दाखवू शकता. निरोगी रक्तात धाग्यांचं जाळं विणलं जातं. विष शिरलेल्या रक्तात हे जाळं विणायचा माल विष आधीच वापरून संपवतं, त्यामुळे जाळं होतच नाही. इथे तुमची हाताने काढलेली ड्रॉइंग खर्च करा.

आणखी एक, लहान मुलांना प्रतिविषाचा डोस मोठ्यांएवढाच देतात. सापाने मूल लहान म्हणून विष कमी सोडलेलं नसतं. मुलांना हे ऐकून आश्चर्य वाटतं आणि लक्षात राहतं.

चौथा_तास

विज्ञान शिक्षकांच्या प्रशिक्षणात काम करते. डॉक्टरांचं म्हणणं समजतंय, पण एक बाजू मांडायलाच हवी.

डेरेक मुलर यांनी सिडनी विद्यापीठात २००८ साली पीएचडी केली ती विज्ञानाच्या फिल्म कशा असाव्यात यावर. त्यांनी एकाच विषयाच्या वेगवेगळ्या फिल्म विद्यार्थ्यांना दाखवल्या. काहींमध्ये सरळ, स्वच्छ, बरोबर स्पष्टीकरण होतं. काहींमध्ये आधी नेहमीचा चुकीचा समज एक पात्र बोलून दाखवतं आणि मग त्यावर वाद होतो. सरळ फिल्म विद्यार्थ्यांना आवडली, सोपी वाटली, आणि चाचणीत गुण जेमतेम वाढले. वाद असलेली फिल्म गोंधळाची वाटली, पण शिकणं तिच्यातूनच जास्त झालं. कारण स्पष्ट आहे. मुलाच्या डोक्यात आधीच काहीतरी असतं, आणि बरोबर माहिती ऐकताना त्याला वाटतं, हे तर मला येतंच.

घट्ट बांधायचं हे कोकणातल्या, देशावरच्या प्रत्येक मुलाला ‘येतं’. फिल्मने त्याचं नावच काढलं नाही तर मूल फिल्मही बघेल आणि नंतर दोरीही बांधेल. फिल्ममध्ये सांगितलेलं ‘हात स्थिर ठेवा’ आणि घरी ऐकलेलं ‘आवळून बांधा’ हे त्याच्या डोक्यात शेजारी-शेजारी सुखाने नांदतील.

डॉक्टर_माणदेशी

मुद्दा मान्य आहे, पण तुमच्या प्रयोगात चूक शिकली गेली तर चाचणीतले गुण जातात. इथे बोट जातं, हात जातो. घट्ट बांधून तासाभराने आलेला हात मी बघतो. रक्तपुरवठा थांबून खालचा भाग काळा पडलेला असतो, आणि दोरी सोडताना अडलेलं विष एकदम अंगात पसरायची भीती असते ती वेगळीच.

चौथा_तास

मग मधला मार्ग काढता येईल का? चुकीचा समज पात्राच्या तोंडून येऊ दे, चुकीची कृती पडद्यावर नको. काका म्हणतो, “आवळून बांध, विष वर चढायचं थांबेल.” हे वाक्य पूर्ण, खणखणीत, काकाला मूर्ख न ठरवता. कारण तो प्रेमापोटी बोलतोय आणि मुलाच्या घरातही असाच काका आहे. त्याच क्षणी चित्र हाताच्या आत जातं. बांधल्यावर आत काय होईल ते दिसतं, बाहेरून दोरी कशी बांधायची ते दिसत नाही. परत बाहेर येतो तेव्हा पडद्यावर पट्टी बांधणारे बहिणीचे हात.

बारा_फ्रेम

हे झकास आहे. पटकथेच्या दृष्टीनेही, कारण बाहेर-आत, बाहेर-आत असा ताल मिळतो आणि प्रत्येक वेळी आत जायला कुणाच्या तरी तोंडचं वाक्य हे निमित्त असतं. आतल्या दृश्यांचे रंग पूर्ण वेगळे ठेवा म्हणजे आपण आत गेलो हे मुलाला सांगावं लागणार नाही. बाहेर पावसाळी हिरवा आणि जांभ्या दगडाचा तांबूस, आत गडद पार्श्वभूमीवर दोनच रंग.

फक्त विषाला डोळे-नाक-दात असलेले राक्षस करू नका. सोपं वाटतं म्हणून सगळे करतात. मग मुलाला वाटतं आत मारामारी चाललीय आणि शूर असला की जिंकेल. जाळं विणलं जातंय आणि विणायचे धागेच संपताहेत, एवढंच दाखवा. त्यात भरपूर नाट्य आहे.

निंबोणी

वाचतेय. फार उपयुक्त धागा. मुलगा सातवीत आहे, त्याला आत्ताच फुरशाच्या आवाजाबद्दल वाचून दाखवलं.

खडूफळा

बीड जिल्ह्यात शिकवतो. आमच्या वर्गात दरवर्षी ऊसतोडीला जाणाऱ्या घरांची मुलं असतात. कोपीत, म्हणजे पाचटाच्या झोपडीत, जमिनीवर झोपतात. आमच्याकडे गडगा नाही आणि आम्हाला भीती मण्यारीची. मण्यार रात्री झोपेत चावते, दुखत नाही, खूण दिसेलच असं नाही. मूल पहाटे पोट दुखतंय म्हणून उठतं, आई ओवा देते, मग पापण्या जड होतात. तोवर वेळ गेलेला असतो. तुमच्या फिल्ममध्ये साप दिसतो, चावतो, सगळे बघतात. आमच्या मुलांच्या बाबतीत चावा कुणी पाहिलेलाच नसतो.

ताई, टीका म्हणून नाही सांगत. पण फिल्म महाराष्ट्रभर जाणार असेल तर हे यायला हवं.

डॉक्टर_माणदेशी

खडूफळा सर, अगदी नेमकं. पहाटे पोटदुखी, घसा धरल्यासारखा, पापण्या उचलत नाहीत, आणि मूल जमिनीवर झोपलेलं होतं, एवढं कानावर आलं तरी आमच्या डोक्यात मण्यार येते. विष श्वासाचे स्नायू बंद पाडतं, अशा वेळी श्वास हाताने पिशवी दाबून किंवा मशिनने चालू ठेवला तर मूल वाचतं. प्रतिबंधही स्वस्त आहे: खाटेवर झोपणं, आणि तेही नसेल तर मच्छरदाणी गादीखाली नीट खोचून झोपणं.

सोनकी

खडूफळा सर, मी दोन दिवस याच विचारात आहे. एकाच फिल्ममध्ये दोन्ही घातलं तर बाराफ्रेम म्हणतात ती ‘एक कल्पना’ मोडते. माझं मत असं झालंय की दोन फिल्म कराव्यात. पहिली फुरशाची, दिवसाची. दुसरी मण्यारीची, रात्रीची. पात्रांचे कापलेले भाग बरेचसे तेच वापरता येतील, कपडे आणि घर बदलेल. रात्रीच्या फिल्ममध्ये साप दाखवायचाच नाही असं डोक्यात आहे. फक्त मच्छरदाणीची कड आणि पहाट. तुमच्या मुलांशी बोलून कोपीचं आतून चित्र काढून घेता येईल का? कुठे चूल, कुठे अंथरूण, भांडी कुठे. मुलांनीच काढलेलं हवं.

खडूफळा

आनंदाने. सोमवारीच काढून घेतो. मुलांना असं काम दिलं की वर्गात पिनड्रॉप शांतता असते.

बारा_फ्रेम

मुलांकडून काढून घेणं हे अगदी योग्य. युनिसेफसाठी राम मोहन यांनी नव्वदच्या दशकात केलेली ‘मीना’ ही छोट्या मुलीची ॲनिमेशन मालिका आठवा. तिचा चेहरा, कपडे ठरवण्याआधी दक्षिण आशियातल्या वेगवेगळ्या देशांतल्या मुलांना आणि मोठ्यांना चित्रं दाखवून विचारलं होतं. म्हणून ती ढाक्यातही घरची वाटली आणि आपल्याकडेही.

गोधडी

आवाजाचं काम करते, म्हणून त्यावरच बोलते.

आवाज आधी, चित्र नंतर. ॲनिमेशनमध्ये दृश्याची लांबी आवाजावरून ठरते. निवेदन मिनिटाला शंभर-सव्वाशे शब्दांच्या वर नेऊ नका, आणि शरीराच्या आतल्या दृश्याला तर पाच-सहा सेकंद पूर्ण गप्प बसा. शिक्षक मंडळींना गप्प बसवत नाही, प्रत्येक चित्राखाली वाक्य हवं असतं. मुलं बघताहेत तेवढा वेळ त्यांना बघू द्या.

बहिणीचा आवाज खऱ्या आठवीतल्या मुलीचा घ्या, मोठ्या बाईने आवाज बारीक करून काढलेला नको. संगमेश्वराकडची मुलगी असेल तर तिला तिच्याच बोलीत बोलू द्या, पुण्याचं मराठी करायला लावू नका. तिच्या हातात कागदही देऊ नका. प्रसंग सांगा आणि ‘तू काय म्हणशील’ विचारा. वाचलेलं वाक्य माइकमध्ये लगेच ऐकू येतं.

रेकॉर्डिंगला स्टुडिओ लागत नाही. पंखा बंद, फ्रीज बंद, खोलीत गाद्या-रजया उभ्या करा, फोन तोंडापासून वीतभर लांब आणि थोडा बाजूला. पावसात पत्र्याच्या शाळेत मात्र करू नका. पाऊस वेगळा रेकॉर्ड करून ठेवा, तो फिल्मला लागणारच आहे.

चौथा_तास

सोनकीताईंचा दुसरा प्रश्न राहिलाच, पडद्यावर लिहून दाखवायचं का? शिकण्याच्या मानसशास्त्राचे अभ्यासक रिचर्ड मेयर यांच्या अनेक प्रयोगांतून आलेलं तत्त्व सांगतं की चित्र आणि आवाज असताना तेच शब्द खाली लिहिले तर बहुतेक वेळा शिकणं कमी होतं. डोळे चित्र सोडून अक्षरांकडे जातात. त्यामुळे माझं मत, अक्षरं नकोत.

रेवाकाठ

नंदुरबारकडे काम करतो. चौथातास ताई, आमच्या पाड्यांवरची मुलं घरी भिली बोलतात, मराठी शाळेत शिकतात. त्यांना खाली लिहिलेलं मराठी दिसलं तर ऐकलेलं पक्कं समजतं. ब्रिज कोठारी यांनी ऐकू येणाऱ्या भाषेतच अक्षरं खाली दाखवायचा प्रयोग चित्रपटगीतांवर बरीच वर्षं केला, वाचन सुधारतं असं त्यातून दिसलं. त्यांच्या बुकबॉक्सच्या ॲनिमेशन गोष्टी मी मुलांना दाखवतो. मुलं मोठ्याने वाचायला लागतात, कुणी सांगावं लागत नाही.

आणि वर्गात एकच स्पीकर, तोही फाटका. मागच्या बाकावर आवाज पोचतच नाही. अक्षरं नसतील तर त्या मुलांनी काय करायचं?

चौथा_तास

तुमचं बरोबर आहे. मेयर यांचं तत्त्व भाषा चांगली येणाऱ्यांसाठी जास्त लागू पडतं, तुमच्या मुलांची गरज वेगळी. मग असं करावं: फिल्मवर मुळात फक्त तीन-चार शब्द, ‘१०८’, ‘हात हलवू नका’, ‘किती वाजले?’. पूर्ण अक्षरपट्टी वेगळी फाइल म्हणून द्यायची. ज्याला हवी त्याने लावावी.

बारा_फ्रेम

तांत्रिक बाजू. पडद्यावरचे शब्द चित्रात रंगवून टाकू नका, वेगळ्या थरावर ठेवा म्हणजे भिली, अहिराणी, कोंकणी करताना चित्रांना हात लावायला नको. अनेक ॲनिमेशन सॉफ्टवेअरमध्ये देवनागरी जोडाक्षरं फुटतात, वेलांटी भलतीकडे जाते. इंकस्केपमध्ये शब्द लिहून त्याचा पाथ (अक्षरांचा नुसता आकार) करा आणि चित्र म्हणून आणा, शंभर टक्के सुरक्षित. टंक म्हणून एकटाइपचे मुक्ता किंवा बालू घ्या, दोन्ही मुक्त परवान्याचे आहेत आणि लांबून स्वच्छ वाचता येतात.

पात्रांच्या ओठांची हालचालही अगदी साधी ठेवा, उघड-मीट. बोलणाऱ्याची पाठ किंवा बाजू दिसली तर त्याहून उत्तम. मराठी शब्दांवर नेमके ओठ बसवलेत की दुसऱ्या भाषेतलं डबिंग विचित्र दिसतं.

वारूळ

एक सुचवू का? सावल्यांचं काही करता आलं तर बघा. पिंगुळीच्या ठाकर मंडळींकडे चित्रकथी आहे, कळसूत्री आहे, चामड्याच्या बाहुल्यांचा सावल्यांचा खेळ आहे. मण्यारीच्या फिल्ममध्ये रात्र आहेच.

सोनकी

वारूळ, मनातलं बोललात! कटआउट ॲनिमेशन आणि चामड्याची बाहुली यांचे सांधे एकाच पद्धतीने चालतात. पण पिंगुळीची शैली परस्पर उचलायची नाही, तिथल्या कलाकारांशी बोलून, त्यांना सोबत घेऊन, मानधन देऊन होत असेल तरच करायचं. पहिल्या फिल्मला हे जमणार नाही, दुसरीला नक्की प्रयत्न करते.

आता आत्तापर्यंतच्या चर्चेवरून फुरशाच्या फिल्मचा क्रम असा लावलाय. सुरुवातीला दगडांचा आवाज, पाऊस, मग करकर. मुलगा थांबत नाही, चावा. चावा थेट दाखवत नाही, बहिणीचा चेहरा दाखवते. भाऊ घरी पळायला लागतो, बहीण त्याला खाली बसवते. “पळालास तर विष लवकर फिरेल.” पहिल्यांदा आत: पळताना हाताचे स्नायू विष पुढे ढकलताहेत, बसल्यावर ते संथ होतं. बाहेर, काकाचं वाक्य. दुसऱ्यांदा आत: आवळल्यावर खालचा हात कसा उपाशी पडतो. बाहेर, बहीण भावाच्या हातातलं कडं काढते, फूटपट्टी आणि ओढणी. तिसरा माणूस म्हणतो, साप शोधून मारू. बहीण म्हणते, “गाडी आधी.” मोटारसायकल, दोघांच्या मधे भाऊ. दवाखाना, काचेची नळी, भिंतीवरचं घड्याळ. तिसऱ्यांदा आत, सगळ्यात लांब दृश्य: जाळं आणि संपत चाललेले धागे. प्रतिविष येतं, विषाला धरून बसतं. नवे धागे लगेच येत नाहीत, शरीराला ते तयार करायला काही तास लागतात. डॉक्टर, हे बरोबर आहे ना?

ब्लेडवाला माणूस काढून टाकला. देवळाचं वाक्यही काढलंय. एका फिल्मला एक वाद पुरे.

डॉक्टर_माणदेशी

बरोबर. प्रतिविष रक्तातल्या विषाला बांधतं, गोठवणारे घटक यकृताने पुन्हा तयार करावे लागतात, म्हणून आम्ही साधारण सहा तासांनी नळीची तपासणी परत करतो. घड्याळ दाखवताय ते छान. शेवटी भाऊ लगेच उड्या मारताना दाखवू नका. बोटाला सूज असलेला, सलाईन लावलेला, कंटाळलेला दाखवा. दवाखान्यात थांबावं लागतं हेही मुलांना कळू दे.

देवळाच्या वाक्याबद्दल: मला वाटतं ते राहू द्या. माझ्याकडे उशिरा येणारे बरेचसे तिथूनच येतात.

खडूफळा

डॉक्टर, गावात फिल्म दाखवताना त्या एका वाक्यावर भांडण लागलं तर पुढची तीन मिनिटं कुणी बघणार नाही. माझं मत सोनकीताईंच्या बाजूने. “गाडी आधी” या दोन शब्दांत देऊळही आलं. दवाखान्यातून आल्यावर नारळ फोडायला कुणाची ना नाही.

सोनकी

हे दोन्ही पटतंय. ॲनिमॅटिकच्या दोन प्रती करते, एकीत वाक्य आहे, एकीत नाही. दोन वेगळ्या शाळांत दाखवून बघू.

चौथा_तास

चाचणी घेताना “आवडली का?” विचारू नका, मुलं हो म्हणतात. “काय शिकलात?” हेही नको, पाठ केलेलं सांगतात. फिल्म संपली की दोन मुलांना पुढे बोलवा. “याला आत्ता साप चावलाय. तू काय करशील? करून दाखव.” ओढणी, फूटपट्टी, दोरी, फोन, ब्लेडऐवजी कागदाचा तुकडा, सगळं टेबलावर ठेवा. बोलू नका, कोण कशाला हात घालतं ते लिहून घ्या. फिल्मच्या आधी एका गटाकडून हेच करून घ्या, नाहीतर फिल्ममुळे काय बदललं ते कळणार नाही. आणि आठवड्याने परत जा, न सांगता.

दुसरी सोपी चाचणी: आवाज बंद करून दाखवा आणि मुलांना गोष्ट सांगायला लावा. जिथे ती अडखळतील तिथे चित्र कमी पडतंय.

गोधडी

आणि एकदा पडदा झाकून नुसता आवाजही ऐकवा.

रेवाकाठ

फाइल लहान ठेवा ही विनंती. आमच्याकडे पेन ड्राइव्ह आणि व्हॉट्सॲप एवढेच मार्ग. ७२०पी, म्हणजे मध्यम दर्जाची प्रत पुरे. भिली आवाजासाठी आमच्या आश्रमशाळेतल्या दोन मुली तयार आहेत, त्यांच्या पालकांशी बोलून घेतो. पटकथा मिळाली की वाक्यं त्यांच्याकडूनच बसवून घेऊ.

सोनकी

रेवाकाठ दादा, पटकथा विपूत (खाजगी निरोपात) पाठवली. फिल्म क्रिएटिव्ह कॉमन्स परवान्याने देणार आहोत. कुणीही दाखवा, आवाज बदला, फक्त वैद्यकीय मजकूर बदलायचा असेल तर डॉक्टरांना विचारून. आवाज, चित्रं आणि अक्षरं वेगवेगळ्या फाइलमध्ये मिळतील.

ॲनिमॅटिक पुढच्या आठवड्यात इथेच टाकते. चाचणी घ्यायला आणखी तीन-चार शाळा हव्या आहेत, शक्यतो घाटमाथ्यावरच्या आणि विदर्भातल्या. भातशेतीचा भाग असेल तर आधी. प्रोजेक्टर नसला तरी चालेल, एक टीव्ही किंवा मोठ्या पडद्याचा फोन पुरेल.

वारूळ

भंडाऱ्याकडच्या दोन शाळांशी ओळख आहे. विपू करतो.